सुजातावर राज्य

खोतांच्या खळ्यावर आता भात झोडलं जात नाही. सारवणाचे पोपडे निघालेत, कडेच्या दगडांमधून रानतुळस उगवून तिथंच वाळून गेली आहे. मधोमध मेढीचं भोक मात्र तसंच आहे. मळणीला बैल जिच्याभोवती फिरायचे ती मेढ, तो लाकडी खुंट, कुणाच्या तरी चुलीत कधीच गेला असणार. भोक राहिलं. मी वाकून त्यात हात घातला. मार्चच्या भर दुपारीही आतली माती गार होती.

पोलादपूरहून आंबेनळीकडे जाणाऱ्या एस.टी.नं मला फाट्यावर सोडलं तेव्हा माझ्या खांद्याला शबनम होती आणि शबनममध्ये पत्रकांचा गठ्ठा. पुढच्या आठवड्यात महाडला तळ्यावर सभा आहे. आमचं युवक मंडळ वाड्यावाड्यांतून फिरतंय. या वाडीचं काम मी मागून घेतलं, कारण ही वाडी माझी आहे आणि कारण मला सुजाताला भेटायचं होतं. खळ्यावरून वाडीतलं सगळ्यात खालचं घर दिसतं. त्याच्या दारात, उंबऱ्यावर, कुणीतरी बसलेलं होतं. मान खाली, हात वरखाली होत होता. गोधडी शिवत असणार. मला थेट तिकडे जायचं होतं, पण पाय आधी इकडे वळले.

राब भाजल्याचा वास येत होता. पावसाआधी भाताच्या रोपांची जागा पालापाचोळा घालून जाळतात, तो धूर या खोऱ्यात मार्चभर कपड्यांना चिकटून असतो. माझ्या लहानपणाला एकच वास द्यायचा झाला तर मी हा देईन. हा, आणि छापखान्याच्या शाईचा.

बाबा महाडच्या एका छापखान्यात कामाला होते. शनिवारी रात्रीच्या गाडीनं घरी यायचे. त्यांच्या बोटांच्या पेरांत शाई असायची, ती रॉकेलनं धुवूनही जात नसे, आणि पिशवीत बिघडलेले कागद असायचे. कुठं शाई सांडलेली, कुठं ओळ तिरकी गेलेली, कुठं अर्धंच पान उमटलेलं. सभांची पत्रकं, मोर्च्यांची पत्रकं. आमच्या वह्यांना त्याचीच कव्हरं. मी वाचायला शिकले ती पाठ्यपुस्तकावर नाही. भिंतीवरच्या तसबिरीतल्या निळ्या कोटाखाली बसून, चिमणीच्या उजेडात, मी आणि सुजाता ती फाटकी वाक्यं मोठमोठ्यानं वाचायचो. अर्थ कळत नसे. पण काही शब्द तोंडात भरल्यासारखे वाटत. हक्क. माणुसकी. जाहीर निषेध. सुजाताला ‘जाहीर निषेध’ फार आवडे. भाकरी करपली की ती आईला म्हणायची, “जाहीर निषेध.” तिची आई, म्हणजे आमची काकी, पिठाच्या हातानं तिच्या पाठीत थापटी मारायची.

सुजाताचा डावा पाय लहानपणी एका तापात गेला. वाडीत याहून जास्त कुणी काही सांगत नसे. पाय होता, पण वाळक्या पडवळासारखा लोंबत असे. ती दोन्ही हात आणि उजवा गुडघा यांच्यावर चालायची. तळहात आमच्या टाचांसारखे झाले होते, कडक, भेगाळलेले. कुठं लांब जायचं असलं की आम्ही तिला पाठकुळी घ्यायचो. तिचा श्वास माझ्या मानेवर लागायचा, तिच्या केसांना करंजाच्या तेलाचा उग्र वास यायचा, आणि ती वरून मला हाकायची, “डावीकडं गो, काटा हाय.” माझ्यापेक्षा जास्त वाट तिला दिसायची.

आम्ही तिला खेळायला न्यायचो. हे मी अभिमानानं लिहिणार होते, पण थांबते. आम्ही तिला न्यायचो आणि चिंचेखाली बसवायचो. सगळ्यांच्या चपला तिच्याजवळ. कुणाचं दप्तर, कुणाच्या खिशातल्या गोट्या, गौतमची गलोल. डबा ऐसपैस सुरू झाला की तीही असायची खेळात, पण कच्चं लिंबू म्हणून. वनस्पती तुपाचा एक पिवळा डबा होता. तो एकानं लांब फेकायचा. ज्याच्यावर राज्य असेल त्यानं तो आणून मेढीच्या भोकावर उभा करायचा, तोवर बाकीच्यांनी लपायचं. मग राज्यवाल्यानं शोधायचं. कुणी दिसला की धावत येऊन डब्यावर पाय द्यायचा आणि ओरडायचं, डबा ऐसपैस अमुक. तो आऊट. पहिला आऊट होईल त्याच्यावर पुढचं राज्य. पण सगळे सापडायच्या आत कुणी येऊन डबा लाथेनं उडवला, तर सगळे सुटले, राज्य तसंच.

आणि कच्चं लिंबू? ते लपलं काय, दिसलं काय, सारखंच. ते आऊट होत नाही. त्याच्यावर राज्य येत नाही. मोठी माणसं हे प्रेमानं करतात, पोरंही प्रेमानंच करतात. महाराष्ट्रातल्या प्रत्येक गल्लीत एक तरी कच्चं लिंबू असतं आणि त्याला सगळे जीव लावतात. आम्हीही सुजाताला जीव लावत होतो. बोरं आधी तिला. करवंदांतली काळी तिला, लाल आम्हाला.

शाळेच्या माळावर आमची गत वेगळी नव्हती, हे तेव्हा कळायला हवं होतं. शाळा वर गावात. गावातली पोरं फळीच्या बॅटनं क्रिकेट खेळायची आणि आम्हा वाडीच्या पोरांना घ्यायची. फिल्डिंगला. चेंडू वहाळात, म्हणजे ओढ्यात, गेला की तो काढून आणायचा आम्ही. आणून हातात द्यायचा नाही, जमिनीवर ठेवायचा, मग ते उचलायचे. बॅटिंग? “पुढल्या वेळी.” ती पुढली वेळ मी चौथी पास होईपर्यंत आली नाही. गौतम आमच्यातला सगळ्यात मोठा, हाताला वेग असलेला. तो माळावरून परतताना तोंडातल्या तोंडात शिव्या देत यायचा आणि खळ्यावर पोहोचला की डबा उचलून म्हणायचा, “चला. सुजे, तू कच्ची.”

एका हिवाळ्यात, झोडणी आटपून खळं मोकळं झालं होतं तेव्हा, सुजातानं डबा मांडीत घेतला आणि दिलाच नाही.

“आण इकडं,” गौतम म्हणाला.

“आधी माझ्यावर राज्य द्या.”

“तू पळणार कशी?”

“ते मी बगेन.”

“अगो, तुझ्यावर आलं तर उतरणारच नाय. काळोख पडंपर्यंत राज्य.”

“मग काळोख पडंपर्यंत. माझा हक्क हाय.”

“हक्क म्हंजे काय गो?” धाकट्या पोरांतल्या एकानं विचारलं.

सुजाता थोडी गोंधळली. मग म्हणाली, “म्हंजे मागायचा नाय. हायच तो.”

सगळे हसले. मीही हसले असेन. पण डबा तिच्या मांडीत होता आणि दुसरा डबा वाडीत नव्हता. आम्ही धाकदपटशा केला, बोरांची लालूच दाखवली. ती पदर खोचून बसल्यासारखी फ्रॉक खोचून बसली. सावल्या लांब झाल्या, वरच्या वाटेनं गुरं परतली, त्यांच्या खुरांची धूळ खळ्यावर उतरली. त्या दिवशी खेळ झाला नाही. दुसऱ्या दिवशी तिच्यावर राज्य आलं.

पहिल्यांदा आम्ही काय केलं असेल? आम्ही एकमेकांना डोळे मारले. एकेक जण बांधाआडून आपणहून डोकं वर काढी, खोकला काढी, “अरे बापरे, दिसलो” म्हणे. सुजातानं दोघांची नावं घेतली. तिसऱ्याच्या वेळी थांबून तिनं डबा उचलला आणि जिवाच्या करारानं बांधावर फेकला.

“खोटं खोटं सापडू नका रे! माझी भाकर चावून देताय तुम्ही मला.”

वहाळात पाणी तेवढं वाजत होतं. मग गौतम, जो तिला सगळ्यात जास्त चिडवायचा, तो डबा शोधून घेऊन आला आणि मेढीच्या भोकाशी उकिडवा बसला.

“हे बग,” तो म्हणाला, “तू खळ्यात हातांवर येणार. मग आम्ही पन दोन पायांवर नाय यायचं. कडेचे दगड ओलांडले की लंगडी. सगळ्यांनी. पाय टेकला की आऊट.”

“राज्यवाल्यानं पन?”

“राज्यवाल्यानं पन.”

“आणि मी डब्याला हात लावणार. पाय नाय.”

“लाव की. हात काय, डोकं लाव.”

हा नियम कुठल्या पत्रकात नव्हता. कुठल्या सभेत मंजूर झाला नव्हता. मी पुढं महाडला शिकायला गेले, समतेवरची जाड पुस्तकं वाचली, दोन-चार भाषणंही केली, पण त्या संध्याकाळी उकिडव्या बसलेल्या एका पोरानं धुळीत जे ठरवलं त्यापलीकडे मला अजून कुणी नेलेलं नाही. तिला वर उचलायचं नव्हतं. खळ्यात शिरताना आपला एक पाय वर घ्यायचा होता.

ते दिवस मला एकेक करून आठवत नाहीत, सगळे मिळून एकच लांब संध्याकाळ होऊन आठवतात. पेंढ्याची टोचणारी ऊब. मोहराचा चिकट वास. खळ्याच्या सारवणावर लंगडीचे धप धप आवाज, जणू कुणी तरी उखळात मुसळ हळू घालतंय. सुजाता मधोमध डब्याला खेटून बसलेली, एक हात डब्यावर, मान घुबडासारखी चहूकडे फिरवणारी. लपून बसण्यात पोरांना मजा नसते, डबा उडवण्यात असते. त्यामुळे कुणीतरी दगड ओलांडायचंच. लंगडी घालत दात-ओठ खात यायचं, आणि ती हातांवर झेप घेऊन डबा थापायची. “डबा ऐसपैस गौतम! उतर, उतर खाली.” गौतम खरोखर चिडायचा. त्याच्या त्या खऱ्या चिडण्यावर सुजाताचा चेहरा असा उजळायचा की मी आजही तो शब्दांत पकडू शकत नाही. कधी ती हरायची. डबा डोळ्यांदेखत उडायचा, राज्य तिच्यावरच राहायचं, ती तोंड भरून शिव्या द्यायची. कधी तिच्यावरून राज्य माझ्यावर यायचं आणि तिला लपायचं असायचं. मग कुणीतरी तिला पाठकुळी घेऊन तिनं सांगितलेल्या जागी सोडायचं आणि आपण दुसरीकडे लपायचं. ती फार चिवट लपायची. राज्यवाला फसवायला ओरडायचा, “सुजे, तुझी आई बोलावते!” ती हूं की चूं करत नसे.

गावातली पोरं बांधावर उभी राहून बघायची. “लंगड्यांची पलटन आली,” म्हणायची. गौतम उलटून म्हणायचा, “ये ना खाली. येते का लंगडी?” ती कधी खाली आली नाहीत.

तो खेळ एका मार्चमध्ये संपला.

तळ्यावरच्या सभेला दरवर्षी मुंबईहून माणसं येत, त्यातली काही मागं चार दिवस वाडीत राहत. त्या वर्षी सुजाताचा मावसभाऊ अनिल आला होता. चाळीत वाढलेला, पायात कॅनव्हासचे बूट, जवळ खरा रबरी चेंडू. सभा झाल्यावर मी बाबांबरोबर महाडलाच राहिले होते. छापखान्यात कागद मोजायला मला फार आवडे. त्यामुळे त्या संध्याकाळी मी खळ्यावर नव्हते. पुढचं सगळं मला नंतर कळलेलं आहे, थोडं गौतमकडून, थोडं काकीकडून, आणि बरंचसं सुजाताच्या तळहातांकडून.

अनिलवर राज्य होतं. लंगडीचा नियम ऐकून तो हसला होता. “ये क्या गेम है? आमच्या चाळीत असलं काय नाय. ती कच्चा लिंबू, बाकी सब नॉर्मल.” गौतमनं दोनदा सांगून पाहिलं. पण पाहुणा होता, चेंडू त्याचा होता, आणि पाहुण्याचं मन मोडायचं नाही हे आम्हाला आईच्या दुधाबरोबर पाजलेलं होतं. गौतम गप्प बसला. एका संध्याकाळचा तर प्रश्न होता. मुंबईवाले गेले की आपला नियम आपल्याकडे होताच.

फक्त सुजाताला कुणी सांगितलं नाही. तिला वाईट वाटेल म्हणून.

गौतमनं तिला नेहमीसारखी पाठकुळी घेतली आणि ती म्हणाली त्या जागी सोडली. वहाळापलीकडे, खोतांच्या शेतात, पेंढ्याची एक उडवी रचलेली होती. त्या उडवीच्या मागं. ती पेंढ्यात शिरली आणि तिनं वरून पेंढा ओढून घेतला. आपण पक्क्या आहोत असं समजून ती लपली. आणि तिकडे खेळ असा चालला होता की कच्च्या लिंबाला शोधायचं नसतं.

डाव झाला. दुसरा झाला. मग फाट्यावरून कुणीतरी हाक दिली की मुंबईवाल्यांनी आटपा, महाडकडची गाडी घाटातून उतरतेय. आंबेनळीच्या वळणांवर गाडी गिअर बदलते तो आवाज आमच्या वाडीत बराच आधी पोहोचतो. सगळी पोरं पाहुण्यांच्या वळकट्या घेऊन फाट्याकडे धावली. आमच्याकडे निरोप द्यायला सगळी वाडी जाते. पोरं धुरळ्यात उभी राहून हात हलवत राहिली, आणि तिथूनच आपापल्या घरी पांगली. चपला ज्यानं त्यानं आपापल्या उचलल्या होत्या.

काकी गावात शेणी थापायला गेली होती, ती दिवेलागणीला आली. तिला वाटलं, पोरगी आमच्या घरी असेल. माझ्या आईला वाटलं, पोरगी तिच्या घरी असेल. शिमग्याचे दिवस होते. वर गावात पालखीपुढं ढोल सुरू झाले. आमच्या वाडीत ती पालखी येत नसे, पण ढोल येत असत. काकीनं दारातून हाक मारली. “सुजे! अगो सुजे, ये गो घरी!” ती हाक वहाळापलीकडे गेली असणार, कारण सुजातानं मला नंतर सांगितलं की तिला एक हाक ऐकू आली होती. ढोलात नीट ओळखू आली नाही. तिला वाटलं, फसवतायत. तिनं हूं की चूं केलं नाही.

मग केव्हातरी तिला कळलं. कसं, ते तिनं सांगितलं नाही, मी विचारलं नाही. तिनं हाका मारल्या तेव्हा वर ढोल होते. वहाळ उतरून, कापलेल्या भाताच्या धसकटांमधून, दोन हात आणि एका गुडघ्यावर ती परत आली. शोधणारी माणसं कंदील घेऊन भलत्याच दिशेला, विहिरीकडे गेली होती. कुणाला ती सापडली नाही. ती स्वतःहून दारात आली. काकीनं आधी तिच्या तोंडात मारली आणि मग तिला पोटाशी धरून अशी ओरडली की म्हणे वरचे ढोल क्षणभर थांबले. हे वाडीत सगळे सांगतात. मला ते खरं वाटत नाही. ढोल असे थांबत नाहीत.

मी दुसऱ्या दिवशी आले. घरात हळदीचा आणि खोबरेल तेलाचा वास होता. सुजाता भिंतीला टेकून बसली होती. दोन्ही तळहात वर, हळद भरलेले, त्यातून अजून लाल पाझरत होतं. गुडघ्याची कातडी राहिलीच नव्हती. दाराच्या चौकटीत गौतम उभा होता, नखानं लाकूड कोरत. काकी वाडीच्या बायकांना सांगत होती, “वाचली. नशीब बलवत्तर. पण आता हिला खाली न्यायची नाय कुणी. झाला तेवढा खेळ पुरे.”

सुजातानं माझ्याकडे पाहिलं.

“एवढंच सांग गो,” ती म्हणाली. “अनिलला मी सापडत नव्हते, का तो मला शोधतच नव्हता?”

मला माहीत नव्हतं. मी गौतमकडे पाहिलं.

“पाहुण्यांचा डाव होता,” तो म्हणाला. “त्यात तू कच्ची होतीस.”

ती रडली नाही. ओरडली नाही. ‘जाहीर निषेध’ म्हणाली नाही. तिनं तळहात मिटायचा प्रयत्न केला, ते मिटेनात, मग तसेच उघडे ठेवून तिनं तोंड भिंतीकडे केलं.

मी असते तर असं झालं नसतं, असं म्हणायचा मोह मला कित्येक वर्षं होता. आता मी तो झिडकारते. एका पोरीच्या हजर असण्यावर जो नियम टिकतो, तो नियम कसला, ती मेहेरबानी. आमचं खळं न्यायाचं होतं ते पाहुणा येईपर्यंत. आणि पाहुणे येतच राहतात. ज्याला मोजत नाहीत, त्याला शोधत नाहीत. मी आजवर जितकी पत्रकं लिहिली त्या सगळ्यांच्या तळाशी हे एकच वाक्य आहे. लोकांना वाटतं मी ते वाडीबद्दल आणि गावाबद्दल लिहिते. तसंही आहे ते. पण ते पहिल्यांदा मला वाडीतच कळलं. आमच्याच माणसांत, आमच्याच प्रेमात.

जखमा भरायला पावसाळा उजाडला. सावित्रीचं पाणी गढूळ होऊन वाहू लागलं, घरात ओल्या लाकडाचा धूर कोंडला. ती उंबऱ्यावर बसून पागोळ्या बघे. मी पाठ पुढं करून तिच्यासमोर बसले की म्हणे, “नको गो. तुझी पाठ दुखंल.” आधी तिनं कधी माझ्या पाठीची पर्वा केली नव्हती. त्यानंतरच्या हिवाळ्यात खळ्यावर पुन्हा डबा आला. पोरं पहिल्यांदा लंगडी घालत आली, मग एकजण दोन पायांवर आला, कुणी हरकत घेतली नाही. मीही नाही. मधोमध कुणी बसलेलं नव्हतं, मग लंगडी कशासाठी? कुणी नियम मोडला नाही. तो गळून पडला, जसं पिकलेलं पान पडतं, कुणाचंही लक्ष नसताना.

आज खळ्यावरून मी तिच्या दारात गेले. तिचे केस आता मागं घट्ट बांधलेले. बोटात अंगठी घालावी तसं शिवणाचं अंगुस्तान. मांडीवर जुन्या लुगड्यांची गोधडी.

“आलीस? खळ्यात काय हुडकत होतीस मघापासून?”

“काही नाही गं.”

“काय तरी होतंच. भोकात हात घालून बसलेलीस. बस. पानी देऊ?”

काकी आता थकली आहे, आतून खोकत होती. आम्ही इकडचं तिकडचं बोललो. गौतम मुंबईत गोदीत लागला. अनिलला पोरगा झाला. मग मी पत्रक काढलं. तिनं ते नाकाशी नेऊन आधी वास घेतला आणि हसली. मग वाचलं. बोट ओळीवरून सरकत होतं. एका ठिकाणी थांबलं. तिथं लिहिलं होतं की परिसरातील अपंग बंधू-भगिनींना व्यासपीठावर मानाचं स्थान देण्यात येईल.

“हे माझ्यासाठी?”

“हो. आम्ही जीप करणार आहोत. तुला इथून नेऊ, परत आणून सोडू.”

“वर बसून मी काय करायचं?”

“बसायचं. सत्कार आहे.”

“आणि बोलायचं?”

“वक्ते...” मी म्हणाले, आणि माझा मलाच आवाज ऐकू आला. “वक्ते ठरलेत मंडळाचे.”

ती पुन्हा हसली. तिनं दोरा दातांनी तोडला.

“मागं पोलादपूरला नेलं होतं मला असंच. शाल दिली, नारळ दिला. भाषण करणारा माझ्या डोक्यावर हात ठेवून बोलत होता, हात काढीच ना. नाव पन नाय विचारलं त्यानं. खाली लोकांच्या चपला पडलेल्या बगत बसले मी. म्हटलं, सवय हाय.” तिनं पत्रकाची घडी केली आणि गोधडीखाली ठेवली. “कागद ठेवते. वास चांगला हाय. तू जा, तुझी गाडी चुकंल.”

“मी मंडळात बोलते. भांडते. तुला बोलायला मिळालंच पाहिजे.”

“भांड की,” ती म्हणाली, सुईत दोरा ओवत. “जमलं तर कळव.”

त्यात राग नव्हता. राग असता तर मला चाललं असतं.

फाट्याची वाट खळ्यावरून जाते. ऊन कलंडलं होतं, राबाचा धूर खाली उतरून वहाळावर पसरला होता. घाटात कुठंतरी गाडीनं गिअर बदलला. मी कडेच्या दगडांशी पोहोचले आणि मला काय झालं ठाऊक नाही. शबनम खांद्यावर घट्ट केली, साडी जरा वर खोचली, एक पाय उचलला आणि दगड ओलांडला. धप. धप. सारवणाचे पोपडे पायाखाली फुटत होते. पत्रकांचा गठ्ठा बरगडीवर आदळत होता. मेढीच्या भोकापासून हातभर अंतरावर माझा तोल गेला आणि वर घेतलेला पाय खाली आला.

“पाय टेकला!”

वाडीच्या सगळ्यात खालच्या दारातून आवाज आला. उंच, कठोर, कसलीही सवलत न देणारा. मी वळून पाहिलं. सुजाता उंबऱ्यावर हात टेकून पुढं झुकली होती. गोधडी मांडीवरून घसरली होती.

“आऊट! तुझ्यावर राज्य!”

एवढं बोलून तिनं गोधडी वर ओढली, मान खाली घातली आणि शिवायला लागली. मी मेढीच्या भोकाशी उभी राहिले. बांध रिकामा होता, चिंच तोडलेली होती, वहाळापलीकडे उडवी नव्हती. लपलेलं कुणीच नव्हतं. जिला शोधायचं होतं ती समोर दारात उघडी बसली होती, आणि मधलं अंतर मी आत्ताच दोन पायांवर चालून आले होते.

गाडी फाट्यावर थांबली, कंडक्टरनं घंटी दिली, गाडी गेली.

मी खळ्यातच होते.